पाचशे की सहाशे?

गेल्या अंकात मी अंदाजे बेरजेवर थोडंसं लिहिलं होतं. संख्या जवळच्या दहात किंवा शंभरात आणायच्या आणि तोंडी बेरीज करायची, एवढंच. त्यावर इतकी पत्रं आली की या वेळचं सगळं सदर त्यांनाच द्यायचं ठरवलं. मी नौपाड्यातल्या एका प्राथमिक शाळेत तिसरी-चौथीला शिकवत आले. निवृत्त झाले, तरी हा धडा माझ्या जिव्हाळ्याचा आहे, कारण प्राथमिक गणितातला सगळ्यात उपयोगी आणि सगळ्यात घाईघाईनं उरकला जाणारा धडा हाच.

प्रश्न : माझी मुलगी चौथीत आहे. चाचणीत प्रश्न होता, ‘३४८ + २३७ या बेरजेचा जवळच्या शंभरापर्यंत अंदाज सांगा.’ तिनं कडेला बेरीज केली, ५८५ आली, आणि त्याला शंभराच्या जवळ नेऊन ६०० लिहिलं. वर्गातल्या बाईंनी चूक दिली. त्यांचं उत्तर ५००. मला सांगा, ५८५ ला ५०० जवळ की ६००? मुलगी घरी येऊन रडली. तिला काय सांगावं तेच मला कळत नाही.
– एक आई, कोपरखैरणे

उत्तर : आधी तिला एवढं सांगा की ५८५ ला ६०० च जवळ आहे आणि तिची बेरीज अगदी बरोबर आहे. रडू थांबल्यावर पुढचं सांगू.

वर्गातल्या बाईंचे ५०० कुठून आले ते बघा. ३०० आणि ४०० ही दोन स्टेशनं समजा, ठाणे आणि कळवा म्हणा हवं तर. ३४८ त्या दोघांच्या मधे रुळांवर कुठेतरी उभा आहे. अर्धी वाट ३५० ला होते. ३४८ अजून अर्ध्याच्या अलीकडे आहे, म्हणून त्याला मागचं स्टेशन जवळ, ३००. तसंच २३७ ला २०० जवळ. दोन्हींची बेरीज ५००. आधी प्रत्येक संख्या शंभरात आणायची आणि मग बेरीज करायची, हा पाठ्यपुस्तकी क्रम त्यांनी पाळला. तुमच्या मुलीनं आधी बेरीज केली आणि मग उत्तर शंभरात आणलं. क्रम बदलला की उत्तर बदलू शकतं, आणि इथे ते शंभरानं बदललं.

पण क्रम पाळला म्हणून अंदाज चांगला होतोच असं नाही, आणि ५०० हा काही चांगला अंदाज नाही. ३४८ मधले ४८ आपण सोडून दिले, २३७ मधले ३७ सोडले. दोन्ही वेळा खालीच उतरलो, त्यामुळे सोडलेले ८५ एकाच बाजूला साचले. ३४८ च्या जोडीला २८७ असते तर? ३०० आणि ३००, बेरीज ६००. खरी बेरीज ६३५. एक संख्या खाली गेली, एक वर गेली, आणि चुका एकमेकींना बऱ्याचशा खाऊन गेल्या. शंभरात आणताना एका संख्येमागे जास्तीत जास्त ५० ची चूक होऊ शकते, दोन संख्या असतील तर १०० ची. दहात आणलं तर एका संख्येमागे ५, दोहोंमागे १०. म्हणून ३५० + २४० = ५९० हा अंदाज खऱ्या उत्तरापासून फक्त ५ नं लांब आहे. हा हिशोब मुलांना सहज कळतो, फक्त तो कुणी त्यांच्यासमोर मांडत नाही.

आता तुमच्या मुलीनं काय शिकायचं ते. ५८५ हातात आल्यावर ६०० ची गरज कुणाला आहे? अंदाज असतो बेरीज करण्याआधीचा. जी गोष्ट टाळण्यासाठी तो काढायचा, तीच तिनं आधी करून टाकली. हे फक्त तिचं नाही. नेटकी, जबाबदार मुलं सर्रास असंच करतात. वहीच्या मागच्या पानावर पक्की बेरीज मांडतात आणि मग तिला अंदाजाचा पोशाख चढवतात. गणितात एकच उत्तर बरोबर असतं हे त्यांच्या मनावर इतकं ठसलेलं असतं की ‘साधारण’ म्हणायची त्यांना भीती वाटते. ती भीती घालवणं हेच खरं काम आहे.

त्यासाठी कागद-पेन्सिल दूर ठेवा. तोंडी विचारा, ‘३४८ आणि २३७, साधारण किती?’ पाचशे म्हणाली तर चूक म्हणू नका. विचारा, ‘खरं उत्तर यापेक्षा मोठं असेल की लहान?’ ती विचार करेल, दोन्ही संख्या खाली आणल्या हे तिच्या लक्षात येईल, आणि ती म्हणेल मोठं. मग विचारा, ‘सोडलेले किती होते?’ ४८ म्हणजे जवळजवळ पन्नास, ३७ म्हणजे जवळजवळ चाळीस, मिळून नव्वदेक. ‘मग एक शंभर परत देऊन टाकूया का?’ झाले सहाशे. या वेळी ती पक्की बेरीज न करता सहाशेवर पोचली. या दुसऱ्या प्रश्नाचं, मोठं की लहान याचं, मोल मी अंदाजाच्या आकड्याहूनही जास्त धरते. ज्या मुलाला आपला अंदाज कुठल्या बाजूला चुकला आहे ते सांगता येतं, त्याला बेरीज समजली आहे.

वर्गातल्या बाईंशी भांडू नका, पण भेटा जरूर. प्रश्नात ‘आधी प्रत्येक संख्या जवळच्या शंभरात आणा आणि मग बेरीज करा’ असं लिहिलेलं नसेल, तर मुलीच्या उत्तरामागचा विचार ऐकून घ्यावा असं त्यांना मनापासून सांगा. पेपर काढणाऱ्या सगळ्याच शिक्षकांना माझी विनंती आहे : पद्धत तपासायची असेल तर ती प्रश्नात लिहा. आणि ४८, ३७ असे अर्ध्याच्या काठावरचे, दोन्ही एकाच बाजूला झुकणारे आकडे पहिल्याच चाचणीला देऊ नका. ते वर्गात चर्चेला ठेवा, तिथे ते फार गोड आहेत.

प्रश्न : बाई, ४५ हा ४० पासून ५ लांब आहे आणि ५० पासून पण ५ च लांब आहे. मग तो ५० च का करायचा? मी वर्गात विचारलं तर सगळे हसले.
– चौथीतला एक मुलगा, कळवा

उत्तर : बाळा, हसणाऱ्यांनी हा विचारच केला नसेल. तू केलास. तुझं म्हणणं बरोबर आहे. ४५ बरोबर मध्यावर आहे आणि त्याला दोन्ही दहा सारखेच जवळ आहेत. वर जायचं हे लोकांनी मिळून ठरवलेलं आहे. रस्त्यानं गाड्या डावीकडून चालवायच्या असं ठरवतो ना, तसंच. सगळ्यांनी एकच ठरवलं की सगळ्यांची उत्तरं जुळतात. हाच नियम मोठ्यांच्या कायद्यांतही आहे. १९६१ च्या प्राप्तिकर कायद्यात उत्पन्न दहाच्या पटीत आणायला सांगितलं होतं, आणि शेवटचा अंक ५ किंवा त्याहून मोठा असेल तर वरचे दहा धरायचे. जीएसटीच्या कायद्यात ५० पैसे किंवा जास्त असतील तर पुढचा रुपया.

पण तुझ्यासारखा प्रश्न मोठ्या माणसांनाही पडला होता. एक गंमत करून बघ. १५, २५, ३५, ४५ यांची खरी बेरीज कर. १२० येईल. आता शाळेच्या नियमानं सगळे वर ने : २०, ३०, ४०, ५०. बेरीज १४०. वीस जास्त झाले, कारण मध्यावरचा प्रत्येक जण वरच गेला. म्हणून मोजमापं करणाऱ्यांनी दुसरा नियम केला. मध्यावरची संख्या असेल तर दशकाच्या जागी सम अंक येईल तिकडे जायचं. १५ चे २०, २५ चेही २०, ३५ चे ४०, ४५ चेही ४०. कर बघू बेरीज. बरोबर १२०! आपल्या देशाच्या मानकांमध्ये आयएस २ नावाचं एक मानक आहे, त्याच्या १९६० सालच्या आवृत्तीत हाच नियम दिला आहे. म्हणजे तुझा ४५ तिथे खरंच ४० होतो. परीक्षेत मात्र ५० च लिही, कारण तुझ्या पुस्तकानं तो नियम निवडला आहे.

एकाच बाजूला जात राहिलं की काय होतं त्याची एक खरी गोष्ट आहे. कॅनडातल्या व्हँकुव्हर शहराच्या शेअर बाजारानं १९८२ मध्ये शेअरचे भाव एकंदरीत किती चढले-उतरले ते सांगणारा एक आकडा मोजायला सुरुवात केली. तो १००० पासून सुरू झाला. दिवसभरात हजारो वेळा तो नव्यानं काढला जायचा आणि प्रत्येक वेळी शेवटचे बारीक अंक, दशांश चिन्हानंतरचे तीन सोडून पुढचे, नुसते कापून टाकले जायचे. म्हणजे दर वेळी खालीच. एका वेळी एकाच्या हजाराव्या भागाएवढंही जात नव्हतं. पण नोव्हेंबर १९८३ पर्यंत तो आकडा ५२० च्या आसपास घसरला होता. नीट मोजल्यावर कळलं, तो जवळपास ११०० असायला हवा होता.

आणखी एक सांगते, कारण तुझ्या वयाची मुलं इथे फसतात. ४४७ ला जवळच्या शंभरात आणायचं असेल तर आधी ४५० आणि मग ५०० असं दोन उड्यांत जायचं नाही. सरळ बघायचं, ४४७ हा ४५० च्या अलीकडे आहे ना? मग ४००.

प्रश्न : मी बँकेतून निवृत्त झालो. आमच्या काळी दिवसाच्या शेवटी एका पैशाचा फरक असला तरी कुणी घरी जात नसे. आता नातू गणिताच्या वहीत ‘अंदाजे ६००’ लिहितो आणि त्याला पूर्ण गुण मिळतात. या अंदाजपंचे कारभारानं मुलं ढिसाळ होणार नाहीत का?
– एक आजोबा, चरई, ठाणे

उत्तर : आपली काळजी मला समजते, आणि पैशाचा हिशोब पक्काच लागतो यात दुमत नाही. पण आपण स्वतः अंदाजाच्या जोरावरच काम केलं असेल असं मी म्हटलं तर रागावू नका. खातेवहीच्या पानावर नुसती नजर टाकून ‘इथे काहीतरी गडबड आहे’ असं वाटण्याचे दिवस आठवा. ते वाटणं आकाशातून येत नाही. ते पान साधारण किती व्हायला हवं याचा मनात आधीच तयार असलेला अंदाज बोलत असतो.

नातवाच्या वहीत एक प्रयोग करा. त्याला ३९८ + २०७ उभी मांडून द्या. या वयाची कितीतरी मुलं ८ आणि ७ पंधरा करतात, हातचा न घेता पंधराच्या पंधरा खाली लिहून मोकळी होतात, मग ९ आणि ० नऊ, ३ आणि २ पाच, आणि उत्तर येतं ५९१५. मी असं उत्तर असंख्य वह्यांत पाहिलं आहे. लिहिणाऱ्याला त्यात काही खटकत नाही, कारण प्रत्येक रकाना वेगवेगळा बघितला तर बरोबर दिसतो. ज्या मुलानं सुरुवात करण्याआधी ‘चारशे आणि दोनशे, सहाशे’ असं मनात म्हटलं आहे, त्याच्या हातून पाच हजार लिहिले जाणारच नाहीत, आणि लिहिले गेले तरी तो थांबेल. माझ्या मते अंदाजाची जागा हीच आहे, पक्क्या बेरजेच्या पुढे राखणीला.

आपल्या पिढीला ठाऊक असलेली एक युक्तीही नातवाला शिकवा. ताळा जुळत नसेल आणि फरकाला ९ नं भाग जात असेल, तर कुठेतरी दोन अंकांची अदलाबदल झाली असण्याचा संशय घ्यायचा. ६३ च्या जागी ३६, फरक २७. एक शून्य जास्त पडलं तरी तेच, ४५० च्या जागी ४५०० असेल तर फरक ४०५०, म्हणजे नऊ गुणिले ४५०. पण हा ताळा ‘चूक झाली आहे’ एवढंच सांगतो, ती कोणत्या आकारमानाची आहे हे अंदाज सांगतो. मोबाइलवरून पैसे पाठवताना आज एक शून्य जास्त दाबलं जातं तेव्हा शेजारी ताळा घ्यायला कुणी बसलेलं नसतं. बटण दाबण्याआधी आकड्याकडे बघून ‘एवढे कसे?’ असं वाटण्याची सवयच उपयोगी पडते.

ढिसाळपणाचं म्हणाल, तर तो अंदाज शिकवल्यानं येत नाही, अंदाज काढून तिथेच सोडून दिल्यानं येतो. नातवाला ‘अंदाजे ६००’ नंतर पक्कं उत्तरही काढायला लावा, ६०५, आणि दोन्ही शेजारी शेजारी लिहायला सांगा. आपल्यासारखे आजोबा हे शाळेपेक्षा चांगलं करून घेऊ शकतात.

प्रश्न : मी घरून डबे देते. तिसरीतल्या मुलाला घेऊन बाजाराला जाते. तुमचं वाचून त्याला अंदाज करायला लावला. पाच वस्तू होत्या : ६३, १४२, ८४, ५४ आणि १३१ रुपये. त्यानं सगळ्या जवळच्या दहात आणून ४६० सांगितले. माझ्या पर्समध्ये ४७० होते, म्हणून निर्धास्तपणे पैसे द्यायला गेले. बिल ४७४ झालं. चार रुपयांसाठी एक वस्तू परत ठेवावी लागली. मुलाला फार वाईट वाटलं. त्याचं काय चुकलं?
– एक वाचक, घणसोली

उत्तर : त्याचं काहीही चुकलं नाही. त्याला माझ्या वतीनं शाबासकी द्या. ६०, १४०, ८०, ५०, १३०, बेरीज ४६०. नियम तंतोतंत लावला आहे, आणि तिसरीतल्या मुलानं पाच संख्यांची तोंडी बेरीज केली ही काही लहान गोष्ट नाही.

झालं असं की प्रश्नाला तो नियम शोभत नव्हता. शेवटचे अंक बघा, ३, २, ४, ४, १. सगळे पाचाच्या आत, म्हणून सगळ्या किमती खाली उतरल्या आणि चौदा रुपये गळले. जवळच्या दहात आणलेल्या पाच संख्यांची अंदाजे बेरीज ४६० असेल, तर खरं बिल ४३५ पासून ४८० पर्यंत कुठेही असू शकतं. प्रत्येक वस्तूमागे फार तर पाच कमी किंवा चार जास्त, गुणिले पाच. तुमचे ४७० या पट्ट्याच्या आतच होते, म्हणजे ‘पुरतील का?’ याचं उत्तर त्या अंदाजातून निघतच नव्हतं.

तुम्हाला हवं होतं ‘पैसे पुरतील का?’ याचं उत्तर. त्यासाठी जवळ-लांब बघायचंच नाही, प्रत्येक किंमत वरच्या दहात न्यायची. ७०, १५०, ९०, ६०, १४०, झाले ५१०. पर्समध्ये ५१० असते तर डोळे मिटून जा. नसतील तर थांबा आणि पक्की बेरीज करा, किंवा एक वस्तू कमी घ्या. उलट, एखाद्या दुकानात ‘पाचशेच्या वर खरेदी केली तर घरपोच’ असं असेल आणि ते जमतंय का बघायचं असेल, तर सगळ्या किमती खालच्या दहात आणा. खाली आणूनही पाचशे भरले, तर खरे पाचशे भरलेच. नुसतं कुतूहल म्हणून ‘साधारण किती झाले असतील?’ असं विचारायचं असेल, तेव्हाच जवळचा दहा. पैसे पुरतील का, गाडी वेळेत गाठता येईल का, पंगतीला वाट्या पुरतील का, या सगळ्या प्रश्नांत कमी पडलं तर पंचाईत होते, म्हणून तिथे खर्च, वेळ आणि माणसं वरच न्यायची. पुस्तकातला धडा ‘जवळचा’ एवढंच शिकवतो आणि सोडून देतो, याचं मला फार वाईट वाटत आलं आहे. कारण बाजारात पहिला प्रश्न हाच असतो : चुकायचंच असेल तर कुठल्या बाजूला चुकलेलं परवडेल?

मुलाला बाजारात नेणं मात्र थांबवू नका. १९८५ साली तेरेझिन्या काराहेर, डेव्हिड काराहेर आणि आनालूसिया श्लिमान या संशोधकांनी ब्राझीलमधल्या रेसिफे शहरातल्या मुलांवरचा एक अभ्यास प्रसिद्ध केला. रस्त्यावर आणि बाजारात नारळ वगैरे विकणारी पाच मुलं. गिऱ्हाईक म्हणून भाव विचारत त्यांना हिशोब घातले, तेव्हा जवळजवळ ९८ टक्के उत्तरं बरोबर आली. त्याच मुलांना तसेच हिशोब नुसत्या आकड्यांत कागदावर दिले, तर ३७ टक्केच बरोबर आली. एका मुलाला दहा नारळांची किंमत विचारली तर त्यानं तीन-तीन नारळांच्या किमती जोडत नेल्या, कारण तीन नारळांचा भाव त्याला पाठ होता. शाळेत दहानं गुणताना शून्य लावायचं शिकवतात. त्यानं आपल्या ओळखीच्या आकड्यावरून वाट काढली. पाच मुलांवरून सगळ्या जगाबद्दल बोलता येत नाही, पण जांभळी नाक्याच्या भाजीबाजारात उभं राहिलं की मला या अभ्यासावर सहज विश्वास बसतो.

तुमच्या मुलाला पुढच्या वेळी दोन आकडे सांगायला लावा, कमीत कमी किती आणि जास्तीत जास्त किती. या खेपेला ते होते ४६० आणि ५१०. बिल या दोहोंच्या मधे आलं की तो जिंकला. परीक्षा घेतल्यासारखं करू नका. त्यानं कंटाळून नाही म्हटलं तर त्या दिवशी राहू द्या.

प्रश्न : मी डी.एल.एड. हा प्राथमिक शिक्षकांचा अभ्यासक्रम करते आहे आणि सध्या एका शाळेत सरावपाठ घेते. अंदाज सांगा म्हटलं की मुलं हळूच पक्की बेरीज करतात आणि मग राउंड करतात. हे थांबवायचं कसं? मोठ्या संख्यांसाठी काही स्थानिक उदाहरणंही सुचवा.
– एक विद्यार्थिनी, ऐरोली

उत्तर : पहिल्या पत्रातली मुलगी तुझ्या वर्गात बसली आहे असं समज. संख्या फळ्यावर लिही, वर्गाला जेमतेम वाचता येतील एवढा वेळ ठेव आणि पुसून टाक. पक्की बेरीज करायला आकडेच उरले नाहीत की मुलं मोठे अंक आठवतात, आणि आपल्याला तेच हवं असतं. दुसरं, आकडा मागूच नको. ‘हजाराच्या वर की खाली?’ एवढंच विचार. ४१२ + ३७९ + २६८ हजाराच्या वर जातं का? शतकं जोडली तर नऊशे झाले, राहिलेल्यांत ७९ आणि ६८ मिळूनच शंभर ओलांडतात, म्हणजे वर. इथे कुणालाच १०५९ पर्यंत जावं लागलं नाही. ज्यानं हे कारण सांगितलं त्याला पूर्ण गुण दे, आकडा सांगितला नसला तरी.

गुण देण्याची रीत बदलली नाहीस तर बाकी सगळं फुकट जाईल. अंदाजाला एकच बरोबर उत्तर ठेवलंस की मुलं सुरक्षित वाट धरणार, म्हणजे आधी पक्की बेरीज. ‘या पट्ट्यातलं कुठलंही उत्तर चालेल, कारण सांगा’ असं म्हण.

मोठ्या संख्यांसाठी आपल्या शहरांचीच लोकसंख्या घे. २०११ च्या जनगणनेत ठाणे महानगरपालिकेची लोकसंख्या १८,४१,४८८ आणि नवी मुंबई महानगरपालिकेची ११,२०,५४७. जवळच्या लाखात आणलं तर १८ आणि ११, मिळून २९ लाख. पक्की बेरीज २९,६२,०३५, म्हणजे ती ३० लाखांना जवळ. पुन्हा तीच गोष्ट, दोन्ही संख्या खाली उतरल्या आणि बासष्ट हजार माणसं गळली. वर्गाला विचार, ‘ही बासष्ट हजार माणसं सोडलेली चालतील का?’ दोन शहरं मिळून किती मोठी आहेत एवढंच सांगायचं असेल तर चालतील. त्यांच्यासाठी पाण्याची सोय करायची असेल तर मुळीच नाही. या प्रश्नावर चौथीतली मुलं फार छान बोलतात.

मोठ्या माणसांच्या जगातले आकडेसुद्धा अनेकदा आधीच राउंड केलेले असतात, हेही दाखव. १६ एप्रिल १८५३ ला बोरीबंदर ते ठाणे पहिली प्रवासी रेल्वे धावली, अंतर ३४ किलोमीटर, हे ठाण्यातल्या प्रत्येक शाळेत सांगतात. तेव्हा मोजत होते मैलात, २१ मैल. २१ मैलांचे किलोमीटर केले तर ३३.८ च्या आसपास येतात, त्याचे आपण ३४ केले. याउलट एव्हरेस्टचं. १८५६ मध्ये त्याची उंची २९,००२ फूट जाहीर झाली. असं सांगतात की मोजमापांची सरासरी बरोबर २९,००० आली होती, पण तो आकडा लोकांना अंदाजे वाटेल म्हणून दोन फूट वाढवून सांगितले. ही गोष्ट सांगून मुलांना विचार, बरोबर २९,००० आलं तर ते पक्कं आहे की राउंड केलेलं, हे नुसत्या आकड्याकडे बघून ओळखता येईल का?

प्रश्न : बेरजेचं समजलं. वजाबाकीत अंदाज फारच चुकतो. ८४२ – ३६७ साठी मुलानं ८०० – ४०० = ४०० काढलं, खरं उत्तर ४७५. असं का?
– एक वडील, नेरूळ

उत्तर : बेरजेत दोन्ही संख्या एकाच बाजूला सरकल्या की चूक साचते. वजाबाकीत बरोबर उलटं होतं. तिथे एक खाली आणि एक वर गेली की चूक साचते. ८४२ मधले ४२ कमी केले आणि वजा करायची संख्या ३३ नं वाढवली, म्हणजे उत्तरातून ४२ आणि ३३ दोन्ही गेले. ७५ चा फरक तिथूनच आला. दोन्ही खाली आणल्या असत्या तर ८०० – ३०० = ५००, चूक फक्त २५ ची. म्हणून वजाबाकीत जवळच्या शंभराचा हट्ट सोडून दोन्ही संख्या एकाच बाजूला न्यायला शिकवा.

आणि दोन्ही सारख्याच नेल्या तर? ३६७ ला ४०० करायला ३३ लागतात. तेवढेच ८४२ मध्येही घाला, ८७५ होतात. आता ८७५ – ४०० करा. ४७५ येतात, आणि हा अंदाज नाही, पक्कं उत्तर आहे. दोन संख्यांमधलं अंतर दोन्ही सारख्या सरकवल्या तर बदलत नाही. मुलाला संख्यारेषेवर दोन बोटं ठेवून हे करून दाखवा, मग १००० – ५६८ त्याच्या त्याला करू द्या.